मामाचा ऐरोलीचा फ्लॅट, बँकेचा लिलाव आणि एक चुकीची तारीख

माझ्या मामाचा ऐरोलीतला फ्लॅट १२ एप्रिल २०२४ ला लिलावात गेला. आमच्याकडे सगळे अजून त्याला 'कोर्टाचा लिलाव' म्हणतात पण कोर्टाने तो विकलेला नाही, तो बँकेने विकला, आणि हा फरक आधी कळला असता तर आज मामाकडे साडेआठ-नऊ लाख जास्त असते. मी नौपाड्यात एका ऑफिसात अकाउंट्स बघतो, वकील नाही. पण सगळी फाइल माझ्याच कपाटात आहे आणि दीड वर्ष या सगळ्यात फिरलोय, म्हणून पहिल्यापासून लिहितो. मामाची परवानगी आहे, फक्त नावं नको म्हणाला.

मामाचं रबाळे एमआयडीसीत भाड्याच्या गाळ्यात पावडर कोटिंगचं काम होतं. २०१७ ला ऐरोलीचा वन बीएचके तारण ठेवून बँकेकडून ४० लाखांचं टर्म लोन घेतलं, १२ वर्षांचं, हप्ता साधारण ४९ हजार. शिवाय त्याच फ्लॅटवर १५ लाखांची कॅश क्रेडिट, म्हणजे धंद्याला लागतील तसे काढायचे आणि भरायचे पैसे. हप्ते नीट चालू होते, कोविडमधला सहा महिन्यांचा मोरॅटोरियम, म्हणजे हप्ते पुढे ढकलायची सवलत, घेतला, त्याचं व्याज मुद्दलात चढलं, तरी रेटत होता. २०२२ मध्ये त्याचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक, सुटे भाग बनवणारी एक कंपनी, बंद पडली आणि त्यांच्याकडे ११ लाख अडकले ते आजपर्यंत अडकलेच आहेत. एका गिऱ्हाइकावर धंदा उभा करू नये हे मामाला कळत नव्हतं असं नाही, पण रोज दोन टेम्पो माल देणारा माणूस समोर असताना दुसरा शोधायला कोण जातो.

हप्ता ९० दिवस थकला की खातं एनपीए, म्हणजे बँकेच्या दृष्टीने थकीत. मामाचं मार्च २०२३ ला झालं. एप्रिलच्या शेवटच्या आठवड्यात जाडजूड लिफाफा आला, सरफेसी कायदा २००२, कलम १३(२), आणि ४७ लाख ६० हजार रुपये ६० दिवसांत भरा. मामाने तो लिफाफा उघडला, वाचला, आणि देव्हाऱ्याखालच्या खणात ठेवला. त्या खणात लाइट बिलं, मामीची मंगळागौरीची पुस्तकं आणि एलआयसीच्या पावत्या असतात, पुढचे सगळे लिफाफे तिथेच जात राहिले.

इथे थोडं कायद्याचं सांगावं लागेल. पूर्वी बँकेला पैसे वसूल करायचे तर दिवाणी दावा लावायचा आणि वर्षानुवर्षं थांबायचं. मग १९९३ च्या कायद्याने डीआरटी आली म्हणजे कर्ज वसुली न्यायाधिकरण, आणि २००२ मध्ये सरफेसी आला, ज्यात तारण असलेली प्रॉपर्टी विकायला बँकेला आधी कोर्टात जावंच लागत नाही. बँकेचाच एक अधिकारी 'प्राधिकृत अधिकारी' म्हणून नोटीस काढतो, ताबा घेतो, विकतो. पटत नसेल तर डीआरटीत कर्जदाराने जायचं. म्हणजे फिर्याद करायची जबाबदारी उलटी झाली, आणि आपल्याकडे साधारण समज असा की 'बघू, कोर्टात केस लागली की वकील करू'. ती केस कधी लागतच नाही. मामा त्या केसची वाट बघत बसला होता.

६० दिवसांत मामाने एकच केलं, लेटरहेडवर बँकेला पत्र दिलं की धंदा मंद आहे, सहा महिने मुदत द्या. अशा पत्राला बँकेने १५ दिवसांत लेखी उत्तर द्यायला हवं, आणि दिलं, दोन ओळींचं, शक्य नाही म्हणून. त्या उत्तराविरुद्ध डीआरटीत जाता येत नाही, जायचं तर पुढचं पाऊल पडल्यावर. ते पाऊल १८ जुलैला पडलं. दारावर नोटीस चिकटवली आणि आठवड्याच्या आत दोन पेपरांत, एक इंग्रजी एक मराठी, ताब्याची जाहिरात आली. याला सिम्बॉलिक पझेशन म्हणतात, म्हणजे कागदावर ताबा बँकेचा आणि आत तुम्ही पोहे खाताय. यामुळेच माणूस गाफील राहतो. कुलूप नाही, पोलीस नाही, फक्त दारावर कागद, तो मामीने संध्याकाळी काढून टाकला कारण शेजारी वाचत होते. पण त्या दिवसापासून ४५ दिवस मोजायचे होते, कलम १७ खाली डीआरटीत अर्ज करायला, म्हणजे १ सप्टेंबरपर्यंत. गेलो नाही. मला तर तेव्हा यातलं काहीच माहीत नव्हतं, मामाने सांगितलंच नव्हतं.

त्या काळात मामा एका एजंटच्या मागे होता. ओटीएस करून देतो म्हणाला, वन टाइम सेटलमेंट, ३८ लाखांत मिटवतो, ४० हजार आधी घेतले. बँकेने प्रपोजल फेटाळलं. ओटीएस हा कर्जदाराचा हक्क नाही, बँकेची मर्जी आहे, सुप्रीम कोर्टाने डिसेंबर २०२१ मध्ये बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या केसमध्ये हे स्पष्टच म्हटलंय. आणि बँक का सोडेल, ८० लाखांच्या वरचा फ्लॅट हातात असताना. एजंटला हे माहीत नसेल असं मला वाटत नाही.

आता खरी गोष्ट. दिवाळीत, नोव्हेंबर २०२३ ला, वरच्या मजल्यावरच्या काकूंचा पुतण्या फ्लॅट बघून गेला. ८५ लाख द्यायला तयार होता, थोडे स्वतःचे बाकी होम लोन. तेव्हा बँकेचं देणं व्याज धरून साडे एक्कावन्न लाखांच्या आसपास होतं. म्हणजे सगळं फेडून साडेतेहतीस लाख हातात. मामा नाही म्हणाला. एक तर ओटीएसची आशा, आणि दुसरं, त्याला कळव्याच्या एका मित्राने सांगितलं होतं की "घाई कशाला करतोस, लिलाव झाला तरी त्यानंतर ३० दिवस असतात, ५ टक्के जास्त भरलं की लिलाव रद्द होतो, माझ्या भावाचा झालाय."

हा मित्र खोटं बोलत नव्हता, म्हणूनच घोळ झाला. त्याच्या भावाचं कर्ज सहकारी पतसंस्थेचं होतं आणि वसुली झाली होती महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १५६ आणि नियम १०७ खाली. तिथे विक्रीनंतर ३० दिवसांत थकबाकी अधिक खरेदीदारासाठी ५ टक्के भरून विक्री रद्द करून घेता येते. डीआरटीच्या वसुली अधिकाऱ्याने लिलाव केला तर तिथे इन्कम टॅक्स कायद्याच्या दुसऱ्या परिशिष्टातले नियम लागतात, त्यातही नियम ६० ला अशीच ३० दिवस आणि ५ टक्क्यांची सोय आहे. दिवाणी कोर्टाच्या लिलावातही ५ टक्के भरून विक्री रद्द करायची वाट आहे. म्हणजे या तिन्ही प्रकारच्या लिलावांत नंतरचा एक दरवाजा उघडा असतो. सरफेसीत तो दरवाजा नाही. उलट २०१६ च्या दुरुस्तीनंतर कलम १३(८) असं म्हणतं की लिलावाची नोटीस प्रसिद्ध व्हायच्या आधी सगळे पैसे आणून द्या, तरच विक्री थांबवायचा हक्क. लिलावाच्या आधी नाही, नोटीस छापून यायच्या आधी! मामाच्या लिफाफ्यावर कायद्याचं नाव पहिल्या ओळीत ठळक होतं आणि मित्राच्या भावाच्या लिफाफ्यावर दुसऱ्या कायद्याचं होतं, दोघांनी एकदा शेजारी शेजारी ठेवून बघायला हवं होतं.

पुढे बँकेने कलम १४ खाली जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे अर्ज केला, प्रत्यक्ष ताब्यासाठी. लोक 'कोर्टाची ऑर्डर' म्हणतात ती हीच, पण इथे तुमचं म्हणणं ऐकून न्यायनिवाडा वगैरे होत नाही, बँकेची कागदपत्रं आणि अ‍ॅफिडेव्हिट बघून ताब्याला मदत द्यायचा हुकूम होतो. डिसेंबरात ऑर्डर झाली, जानेवारीत तारखेची नोटीस दारावर लागली आणि मामीने मला फोन केला. माझ्यासाठी ही गोष्ट तिथे सुरू झाली.

६ फेब्रुवारी २०२४, मंगळवार. सकाळी ११ ला महसूलचे दोघं, बँकेचे तिघं, एक लेडी कॉन्स्टेबल आणि दोन पोलीस. ओरडाआरडा काही नाही, सगळे अवघडून चपला बाहेर काढून आत आले, हे मला अजून आठवतं, घर सील करायला आलेली माणसं चपला काढून आत. आम्ही आदल्या रात्रीच बरंचसं सामान कळव्याला पारसिक नगरच्या भाड्याच्या खोलीत हलवलं होतं. उरलं होतं दिवाणाचं लोखंडी कॉट, जुनं कपाट, गॅलरीतल्या तुळशीची कुंडी. बँकेचा माणूस यादी करत होता, "कॉट नग एक, कपाट नग एक, पंखे नग तीन". कुंडी लिहू का नको यावर तो थांबला, मामी म्हणाली ती मी नेणार आहे आणि उचलून खाली गेली. पंचनाम्याच्या शेवटी मामाचा सध्याचा पत्ता विचारला, मामाने स्वतःच्या हाताने पारसिक नगरचा पत्ता लिहिला, मोबाइल लिहिला, सही केली. ही ओळ लक्षात ठेवा. मग दाराला कुलूप, त्यावर कापड, लाख, शिक्का. जिन्यात सोसायटीचे सेक्रेटरी उभे होते, मामाला म्हणाले चहा घेऊन जा. कोणी घेतला नाही.

त्यानंतर महिनाभर आम्ही घर शोधणं, मामाचा बीपी, मामेभावाची नोकरी यातच. ९ मार्चला, शनिवारी, पेपरात लिलावाची नोटीस आली. आम्ही तो पेपर घेत नाही. १४ तारखेला काकूंनी फोटो काढून व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवला.

तुम्ही कधी या नोटिशी मराठीत वाचल्यात का? "जसे आहे जेथे आहे, जे आहे जसे आहे आणि जे काही आहे तेथे आहे तत्त्वाने". तीनदा वाचलं तरी जीभ अडखळते. बयाण्याला 'इसारा अनामत रक्कम' आणि त्याचं संक्षिप्त रूप 'इअर'. मामी म्हणाली इअर म्हणजे वर्ष का, वर्षभर मुदत आहे का. ज्या माणसाचं घर चाललंय त्याला कळावं म्हणून कायद्याने स्थानिक भाषेत छापायला लावलं, आणि छापली ही भाषा. पण या विचित्र वाक्याला अर्थ आहे. फ्लॅटवर सोसायटीचं, महावितरणचं, पालिकेचं जे काही देणं असेल ते घेणाऱ्याच्या गळ्यात. वीजबिलाबाबत तर सुप्रीम कोर्टाने मे २०२३ मध्ये के. सी. निनान केसमध्ये म्हटलंय की नियमांत तशी तरतूद असेल तर आधीच्या मालकाची थकबाकी भरल्याशिवाय नवीन मालकाला कनेक्शन नाकारता येतं. लिलावात स्वस्त मिळतंय म्हणून उड्या मारणाऱ्यांनी आधी सोसायटीच्या ऑफिसात जाऊन थकबाकी विचारावी. मामाची दोन लाखांच्या थोडी आत होती.

राखीव किंमत ७४ लाख, इसारा १० टक्के म्हणजे ७ लाख ४० हजार, बोली ५० हजारांच्या पटीत, लिलाव १२ एप्रिल, ऑनलाइन.

मी पुतण्याला फोन केला, तो अजून तयार होता, आता ८६ म्हणाला. बिचाऱ्याला लग्नाआधी घर हवं होतं. सोमवारी १८ मार्चला मी, मामा आणि तो, तिघं बँकेत. मला वाटलं सोपं आहे, बँकेला ५६ लाख मिळतायत सगळ्या खर्चासकट, लिलावाला अजून २५ दिवस आहेत, का नाही म्हणतील. प्राधिकृत अधिकारी तसे नीट बोलले. म्हणाले नोटीस ९ तारखेला छापून आलीय, आता हक्क म्हणून काही राहिलं नाही, तरी लिलावाच्या आधी सगळी रक्कम एकदम आली तर वरती विचारून बघतो. मी विचारलं कुठे लिहिलंय असं, तर त्यांनी ड्रॉवरमधून एक झेरॉक्स काढली आणि म्हणाले हे तर तुमच्या इथलंच आहे.

इथलंच म्हणजे शब्दशः. नेरुळजवळ शिरवणे गाव, टीटीसी एमआयडीसीतला प्लॉट. बाफना मोटर्सने युनियन बँकेकडून सुमारे १०० कोटींचं कर्ज घेतलेलं, तो प्लॉट तारण. जून २०२३ च्या लिलावात सेलीर नावाच्या एलएलपीने १०५ कोटी ५ लाखांची बोली जिंकली. त्यानंतर कर्जदार म्हणाला मी १२९ कोटी देतो, माझी प्रॉपर्टी सोडा. बँकही तयार झाली, तिला तर जास्तच मिळत होते, मुंबई हायकोर्टाने परवानगीही दिली. लिलाव जिंकलेला सुप्रीम कोर्टात गेला आणि २१ सप्टेंबर २०२३ ला निकाल आला की नोटीस छापली त्या दिवशी सोडवून घ्यायचा हक्क संपला, २४ कोटी जास्त मिळतात म्हणून कायदा वाकवता येत नाही, नाहीतर लिलावात बोली लावायला कोण येईल. आमच्या दिवाळीच्या जेमतेम दोन महिने आधीचा निकाल, ऐरोलीपासून ट्रेनने काही स्टेशनांवरच्या जमिनीचा, आणि आम्ही कळव्याच्या मित्राचं ऐकत होतो.

त्या निकालाने माझं सुरुवातीला डोकं फिरलं होतं, आता वाटतं तर्क बरोबर आहे पण तो कंपन्यांना सोपा आहे. कंपनीचा वकील पेपर रोज वाचतो. सील केलेल्या घरातून भाड्याच्या खोलीत गेलेल्या माणसाला नोटीस कधी छापून येणार हे कळायचा मार्ग काय, तर ३० दिवस आधीची वैयक्तिक नोटीस, सरफेसीच्या नियमांतल्या ८(६) ची. ती आम्हाला मिळालीच नव्हती. त्याचं पुढे.

बँकेने वरून होकार आणला २८ मार्चला, अट एकच, ५६ लाख ८ एप्रिलपर्यंत एकरकमी. आता पुतण्याकडे रोख ३० होते. बाकी होम लोन, आणि त्याच्या बँकेचं म्हणणं की मूळ कागद दाखवा, मालकाच्या ताब्यातला फ्लॅट दाखवा, लिलावाच्या जाहिरातीतल्या फ्लॅटवर आम्ही कर्जाचे पैसे सोडत नाही. मूळ कागद मामाच्या बँकेत आणि ते पैसे आल्याशिवाय देणार नाहीत. दोन्ही बँकांचे लोक एकाच ग्रुपवर घेऊन मी चार दिवस मेसेज टाकत होतो. नोव्हेंबरात हेच दीड-दोन महिन्यांत आरामात झालं असतं, एका बँकेचं कर्ज दुसरीकडून फेडून लोक टेकओव्हर करतातच की. ११ दिवसांत नाही झालं.

मग वाशीला. डीआरटी तीन नंबरचं ऑफिस वाशीत सेक्टर ३०-ए ला टेलिफोन एक्स्चेंजच्या बिल्डिंगमध्ये आहे, स्टेशनवरून चालत. ५ एप्रिलला वकिलांनी कलम १७ चा अर्ज लावला, मुद्दे दोन, मूल्यांकन कमी आणि ८(६) ची नोटीस मिळाली नाही. ४५ दिवस प्रत्येक नव्या पावलापासून मोजता येतात म्हणून विक्रीच्या नोटिशीवर अर्ज चालला. ९ ला गुढीपाडवा, ११ ला ईद, मध्ये १० तारीख मिळाली. स्थगिती हवी तर १५ लाख भरा असं झालं. रक्कम भरायला लावणं यात नवीन काही नाही, वकिलांनी आधीच सांगून ठेवलं होतं. आमच्याकडे तेव्हा दोन लाख होते. अर्ज पेंडिंग राहिला, लिलाव थांबला नाही. पाडव्याला मामीने भाड्याच्या खोलीच्या खिडकीला गुढी बांधली, काठी पडद्याचीच.

लिलाव म्हणजे हातोडा, गर्दी असं काही नसतं. पोर्टलवर तीन जण होते, ७४ पासून पन्नास-पन्नास हजारांनी ८१ लाख ५० हजारांवर थांबलं. आम्हाला चार वाजता फोनवर कळलं. घेणाऱ्याने २५ टक्के म्हणजे २० लाख ३७ हजार ५०० त्याच दिवशी किंवा पुढच्या कामाच्या दिवशी भरायचे असतात, इसारा त्यातच धरून. दुसऱ्या दिवशी दुसरा शनिवार, मग रविवार, त्याने सोमवारी १५ ला भरले. मामा ते तीन दिवस म्हणत होता तो भरणार नाही बघ. भरले. उरलेले ७५ टक्के १५ दिवसांत, तेही २९ एप्रिलला आले. मे महिन्यात सेल सर्टिफिकेट.

आता पैशाचं, कारण बहुतेक घरांत लिलाव झाला की फाइल बंद करतात. कलम १३(७) प्रमाणे आधी बँकेचा खर्च, मग देणं, आणि उरेल ते ज्याचा हक्क त्याला, म्हणजे कर्जदाराला परत. बँक ते पैसे विश्वस्त म्हणून धरते. पण फोन करून कोणी सांगत नाही की या, घेऊन जा. जूनमध्ये वकिलांचं पत्र दिलं तेव्हा जुलैत हिशोब आला. देणं ५५ लाख २० हजार, खर्च २ लाख ३५ हजार. खर्चात जाहिराती, व्हॅल्युअर, वकील, ताब्याचा खर्च, आणि 'सिक्युरिटी चार्जेस' ८४ हजार. म्हणजे सील केलेल्या फ्लॅटला रखवालदार. मी सोसायटीच्या वॉचमनला विचारलं, तो म्हणाला इथे मी सोडून कोण बसतो. सोसायटीच्या गेट रजिस्टरची दोन महिन्यांची पानं झेरॉक्स काढून बँकेला दिली, एकही एंट्री नाही. एक महिना गेला आणि ८४ हजार वजावटीतून काढले. तुमच्याकडे असा हिशोब आला तर प्रत्येक ओळीचं बिल मागा, लाजू नका.

६ सप्टेंबरला, गणपतीच्या आदल्या दिवशी, मामाच्या खात्यात २३ लाख ९७ हजार ५०० आले. मी कॅल्क्युलेटरवर करत बसलो तर ८१ हजार ५०० कमी. नीट बघितलं तर बरोबर १ टक्का, ५० लाखांवरच्या खरेदीला घेणाऱ्याने कापलेला टीडीएस, मामाच्या पॅनवर. तेव्हा माझ्या पोटात गोळा आला. मी अकाउंट्सवाला माणूस आणि हे आधी डोक्यात यायला हवं होतं, टीडीएस मामाच्या नावावर म्हणजे विक्री मामाची, म्हणजे कॅपिटल गेन, विक्रीवरचा नफा, पण मामाचा. आणि तो २४ लाखांवर नाही, पूर्ण साडे एक्क्याऐंशी लाखांवर मोजायचा. बँकेने कर्जापोटी वळते करून घेतले ते तुमचं कर्ज फेडणं झालं, त्याची वजावट नाही, सुप्रीम कोर्टाचा याच मुद्द्यावरचा जुना निकाल सीएने दाखवला.

फ्लॅट २००४-०५ ला सगळा खर्च धरून ८ लाखांना घेतलेला. महागाईचा सरकारी इंडेक्स तेव्हाच्या ११३ वरून विक्रीच्या वर्षी ३६३, म्हणजे खरेदीची किंमत धरली २५ लाख ७० हजार. नफा ५५ लाख ८० हजार. २० टक्के आणि सेस, साडेअकरा लाखांच्या वर. मामाला हे समजावताना माझी जी हालत झाली ती लिहीत नाही. "घर त्यांनी विकलं, पैसे त्यांनी घेतले आणि नफा मला झाला?" असं तो तीन-चार वेळा म्हणाला. स्वतः विकला असता तरी हा टॅक्स आला असताच म्हणा, पण तेव्हा हातात साडेतेहतीस होते आणि नवीन घर घेऊन कलम ५४ ची सूट बऱ्यापैकी वापरता आली असती.

शेवटी तेच केलं, लहान प्रमाणात. बदलापूरला स्टेशनपासून रिक्षाने पंधरा मिनिटांवर एक जुना वन आरके, स्टॅम्प ड्युटी धरून २१ लाख, मामाच्याच नावावर. मामेभावाच्या नावावर घ्यायचं चाललं होतं, सीए म्हणाला सूट हवी तर नाव मामाचं पाहिजे. तेवढा नफा सूटमध्ये गेला, उरलेल्यावर टीडीएस वजा जाता पावणेसहा लाखांच्या आसपास भरावे लागले. उरलेले तीन लाख आणि भावाने घातलेले पावणेतीन. सप्टेंबर २०२५ ला रिटर्न भरलं.

आणि ती ८(६) ची नोटीस. फ्लॅट घेणारा माणूस चांगला निघाला, सोसायटीची थकबाकी भरून शेअर सर्टिफिकेट नावावर करून घेतलं आणि जिन्याखालच्या लेटरबॉक्सची किल्ली हवी म्हणून मामाला फोन केला. मी घेऊन गेलो. बॉक्स उघडला तर पिझ्झाच्या जाहिराती, दोन लाइट बिलं, आणि पोस्टाच्या दोन छोट्या चिठ्ठ्या, ६ आणि ७ मार्चच्या तारखेच्या, स्पीड पोस्ट आले होते, दार बंद, पाठवणारा बँक. ज्या दाराला बँकेने स्वतः लाख लावून शिक्का मारला त्याच दारावर पोस्टमन दोनदा जाऊन आला होता, आणि पंचनाम्यावर मामाच्या हस्ताक्षरात पारसिक नगरचा पत्ता. मेल केला, दारावर चिकटवली असं बँकेचं म्हणणं आहे. मामाचा तो मेल आयडी गाळ्यातल्या पोऱ्याने काढून दिलेला, त्याचा पासवर्ड कोणाला माहीत नाही.

चिठ्ठ्या प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून वकिलांकडे दिल्या. ते म्हणाले विक्री पूर्ण झालीय, तिसऱ्या माणसाने पूर्ण पैसे भरलेत, फार आशा धरू नका, पण रेकॉर्डवर आणू. अर्ज वाशीला पेंडिंग आहे. मामा प्रत्येक तारखेला बदलापूरवरून येतो, ठाण्याला उतरून ट्रान्स-हार्बर पकडतो, आणि ऐरोली आलं की दुसऱ्या बाजूच्या खिडकीकडे तोंड करून बसतो.